त्यानं गळा धरला होता का?

पोलीस ठाण्यात नवऱ्याविरुद्ध मारहाणीची तक्रार लिहिली जाते, तेव्हा कागदावर बहुतेक वेळा एक ठरलेलं वाक्य उतरतं: ‘शिवीगाळ करून हाताबुक्क्यांनी मारहाण केली व जिवे ठार मारण्याची धमकी दिली.’ बाईनं कदाचित वेगळंच सांगितलेलं असतं. ‘त्यानं माझा गळा धरला, भिंतीला टेकवलं, डोळ्यांपुढे अंधारी आली.’ हे सगळं त्या ठरलेल्या वाक्यात विरघळून जातं. थप्पड, गुद्दा, लाथ यांच्यासोबत गळ्यावरचा हातही ‘हाताबुक्क्यां’त जमा होतो.

तो वेगळा काढायला हवा. शरीराच्या दृष्टीनं तो वेगळा आहे, आणि पुढे काय घडू शकतं हे सांगण्याच्या दृष्टीनं तर फारच वेगळा.

आधी शब्दांचं बोलू, कारण गोंधळ तिथूनच सुरू होतो. ‘गळा दाबला’ हे आपण खुनाच्या बातमीत वाचतो. स्वतःच्या घरातलं सांगताना बायका ‘गळा धरला’, ‘नरडं पकडलं’, ‘मान आवळली’, ‘मंगळसूत्र ओढलं’ असं म्हणतात. अनेकींच्या मनात हे मारण्यात मोडतच नाही. ‘मारलं का?’ असं विचारलं तर उत्तर येतं, ‘नाही, मारलं नाही, फक्त गळा धरला.’ त्या ‘फक्त’मुळे माझ्या अंगावर काटा येतो. हातानं, दोन्ही पंजांनी, कोपराच्या बेचक्यात मान अडकवून, गुडघा टेकवून, ओढणीनं, पदरानं किंवा चार्जरच्या वायरनं, कशानंही मानेवर बाहेरून दाब दिला तर वैद्यकाच्या भाषेत तो गळा आवळणंच. घास अडकणं वेगळं. तोंडावर उशी दाबणं वेगळं, तेही जीवघेणंच.

आता मानेत काय असतं ते पाहू. हनुवटीच्या खाली, कंठाच्या एका बाजूला हलकेच दोन बोटं टेकवा. ठोका लागेल. हृदयाकडून मेंदूकडे रक्त नेणारी ती मुख्य धमनी. तिची जोडीदार दुसऱ्या बाजूला. त्यांना लागूनच, त्वचेच्या आणखी जवळ, मेंदूकडून रक्त खाली आणणाऱ्या मोठ्या शिरा. मध्ये श्वासनलिका. डोकं आणि धड यांना जोडणारी ही सगळी वाहतूक एका वितीच्या आत चालते आणि तिला बरगड्यांसारखा पिंजरा नाही. छातीला आहे, मेंदूला कवटी आहे. मान उघडी आहे.

गळा दाबला की श्वास कोंडतो आणि माणूस गुदमरून मरतो, अशी आपली समजूत. प्रत्यक्षात श्वासनलिका कुर्च्यांच्या कड्यांनी बनलेली असल्यानं ती सहज दबत नाही. ती बंद व्हायला साधारण १५ किलोचा दाब लागतो. धमन्या बंद व्हायला सुमारे ५ किलो पुरतात, म्हणजे किराणा दुकानातली आट्याची पिशवी. शिरांना तर २ किलोच पुरे. प्रौढ पुरुषाच्या एका पंजाची पकड याच्या कितीतरी पट असते. म्हणून बहुतेक वेळा श्वासाआधी रक्त अडतं. शिरा दबल्या की डोक्यात गेलेलं रक्त परत येईना होतं, चेहरा तांबडा-निळा होतो, डोळ्यांतल्या बारीक केशवाहिन्या फुटतात. धमन्या दबल्या की मेंदूला प्राणवायूच पोचत नाही.

एवढं समजलं की पोलीस ठाण्यात आणि कोर्टात विचारला जाणारा एक प्रश्न किती पोकळ आहे ते कळतं: ‘तू ओरडत होतीस ना? मग गळा कसा दाबलेला असेल?’ ओरडायला श्वासनलिका मोकळी लागते. ती मोकळी असताना धमन्या बंद असू शकतात. बाई बोलत असतानाच तिचा मेंदू उपाशी पडत असतो.

आणि याला वेळ किती लागतो? १९४३ साली अमेरिकेत काही संशोधकांनी निरोगी तरुण स्वयंसेवकांच्या मानेभोवती फुगवता येणारा पट्टा बांधून मेंदूचा रक्तपुरवठा क्षणभर थांबवून पाहिला होता. सरासरी सुमारे सात सेकंदांत त्यांची शुद्ध हरपली. मनातल्या मनात सात अंक मोजून पाहा. दाब चालूच राहिला तर आणखी काही सेकंदांत लघवीवरचा ताबा सुटतो, मग शौचावरचा, आणि मृत्यू यायला तास लागत नाहीत, काही मिनिटं पुरतात. घाबरवणं आणि ठार मारणं यांच्यातलं अंतर इथं सेकंदांत मोजायचं असतं. रागानं भरलेल्या माणसाच्या हातात घड्याळ नसतं. ‘मला तिला फक्त घाबरवायचं होतं’ हे त्याचं म्हणणं एखाद्या वेळी खरंही असेल, पण तिची शुद्ध जाईपर्यंत तिचा जीव कुठपर्यंत पोचला होता, हे त्याला कळणं शक्यच नसतं.

कपडे खराब झाले होते हे सांगायची बाईला सगळ्यांत जास्त लाज वाटते. ती कुणालाच सांगत नाही, आधी साडी धुवून टाकते. डॉक्टरसाठी मात्र ही फार महत्त्वाची खूण आहे. मेंदूला प्राणवायू न मिळाल्याचा तो पुरावाच.

आता वळांविषयी. अमेरिकेत कॅलिफोर्नियातल्या सॅन दिएगो शहरात १९९५ मध्ये दोन किशोरवयीन मुली त्यांच्या जोडीदारांच्या हातून मारल्या गेल्या. त्या मृत्यूंनी तिथल्या सरकारी वकील गेल स्ट्रॅक आणि त्यांचे सहकारी अस्वस्थ झाले. पोलिसांकडे आलेली गळा दाबण्याची जुनी ३०० प्रकरणं त्यांनी बाहेर काढली आणि एकेक फाईल तपासली. निम्म्या बायकांच्या अंगावर कसलीच दिसणारी खूण नव्हती. आणखी ३५ टक्क्यांच्या खुणा इतक्या पुसट होत्या की फोटोत येत नव्हत्या. कोर्टात दाखवता येईल असा फोटो निघाला तो जेमतेम १५ टक्के प्रकरणांत. गोळीचं भोक दिसतं, सुरीचा वार दिसतो. मृत्यूच्या दारापर्यंत नेणारी ही हिंसा मात्र सकाळपर्यंत पुसली जाते. बहुतेक प्रकरणं किरकोळ म्हणून हाताळली गेली होती, यात आश्चर्य ते काय. २००१ मध्ये हा अभ्यास प्रसिद्ध झाला आणि अमेरिकेतल्या पोलीस प्रशिक्षणाला त्यानं नवं वळण दिलं.

आपल्याकडे यात आणखी एक अडचण आहे. लालसर ओरखडा आणि कोवळा निळा डाग गोऱ्या कातडीवर चटकन दिसतो, सावळ्या कातडीवर दिसत नाही. वैद्यकीय पुस्तकांतले फोटो बहुतेक गोऱ्या मानांचे. म्हणून आपल्या डॉक्टरांनी आणि नर्सनी मानेपलीकडे बघायला हवं: डोळ्यांच्या पांढऱ्या भागात रक्ताचे ठिपके, पापण्यांच्या आत, कानांमागे, टाळूवर केसांच्या मुळाशी टाचणीच्या टोकाएवढे तांबडे बिंदू, मंगळसूत्राच्या मण्यांचा किंवा साखळीचा ठसा, हनुवटीखाली खरचटलेलं. हे शेवटचं पुष्कळदा तिच्या स्वतःच्याच नखांचं असतं. हात सोडवताना किंवा हनुवटी छातीकडे दाबून मान वाचवताना ते ओरखडे उठतात. त्याच धडपडीत तिची नखं त्याच्या हातावर, तोंडावर लागतात, कधी ती चावते. मग पोलीस घरी पोचतात तेव्हा रक्त निघालेलं असतं ते त्याचं. तो शांतपणे बोलत असतो. ती बेभान, रडत, असंबद्ध, कधी हिंसकही वाटते, कारण मेंदूला प्राणवायू कमी पडला की माणूस असाच वागतो. कोण कुणावर तुटून पडलं याचा उलटा अर्थ लावायला एवढं पुरतं.

आठवणींचंही तसंच. नव्या आठवणी साठवणारा मेंदूचा भाग प्राणवायूच्या टंचाईला फार नाजूक असतो. पाच-सहा सेकंद शुद्ध गेली तर ती गेली होती हेही बाईला कळत नाही. तिला एवढंच आठवतं की ती ओट्याजवळ उभी होती आणि मग जमिनीवर होती. मधलं काही नाही. जबाब घेताना या तुकड्यांवर बोट ठेवून ‘बाई नीट सांगत नाही’, ‘जबाब बदलते’ असं म्हटलं जातं. खरं तर असा तुटका जबाब हीच पाठपुरावा करण्यासारखी खूण. ‘तू बेशुद्ध पडली होतीस का?’ असं विचारण्यापेक्षा ‘आधी कुठं होतीस, नंतर स्वतःला कुठं पाहिलंस?’ असं विचारणं जास्त उपयोगाचं.

हात सुटला म्हणजे धोका टळला, असंही नाही. घशातली सूज हळूहळू वाढते आणि एक-दोन दिवसांत श्वासाची वाट अरुंद करू शकते. त्याहून भयंकर म्हणजे धमनीच्या आतल्या अस्तराला चीर पडणं. बाहेरून मान स्वच्छ, आत मात्र त्या चिरेपाशी रक्ताची गुठळी धरते, सुटते आणि मेंदूत जाऊन अडकते. पक्षाघाताचा झटका काही तासांत, काही दिवसांत, कधी काही आठवड्यांनी येतो. तिशीतल्या बाईला पक्षाघात झाला की घरचे ‘टेन्शन’ म्हणतात, नजर लागली म्हणतात. तीन आठवड्यांपूर्वीच्या त्या रात्रीशी त्याचा संबंध कुणी जोडत नाही. गरोदर बाईच्या बाबतीत पोटातल्या बाळाचा प्राणवायूही तुटतो, गर्भपात होऊ शकतो. आणि ज्यांचा गळा वारंवार आवळला गेलाय त्यांना विसरणं, चक्कर, डोकेदुखी, लक्ष न लागणं हे वर्षानुवर्षं पुरतं. घरात त्यांना ‘वेंधळी’ म्हटलं जातं.

हे किती घडतं? ९ देशांतल्या अभ्यासांचा आढावा घेणारा एक शोधनिबंध २०१४ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यानुसार आयुष्यात कधी ना कधी जोडीदारानं गळा दाबल्याचं सांगणाऱ्या स्त्रियांचं प्रमाण ३ ते जवळपास १० टक्के होतं. हे साऱ्या स्त्रियांमधलं प्रमाण आहे. मार खाऊन मदत मागायला आलेल्यांना विचारलं तर आकडा उसळी घेतो. अमेरिकेत निवाराघरांसारख्या ठिकाणी आलेल्या ६२ जणींना विचारलं तेव्हा त्यांतल्या ६८ टक्के ‘हो’ म्हणाल्या, आणि तेही एकदाच नव्हे, सरासरी पाचेक वेळा.

भारताचं काय? राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत, म्हणजे २०१९-२१ मध्ये, १८ ते ४९ वयाच्या विवाहित किंवा कधीकाळी विवाहित असलेल्या स्त्रियांपैकी सुमारे २९ टक्क्यांनी नवऱ्याकडून हिंसा झाल्याचं सांगितलं. महाराष्ट्रात हे प्रमाण सुमारे २५ टक्के. याच सर्वेक्षणात गळ्याबद्दलही विचारलं जातं, पण कसं? ‘नवऱ्यानं जाणूनबुजून गळा दाबण्याचा किंवा भाजण्याचा प्रयत्न केला का?’ दोन वेगळ्या हिंसा एकाच प्रश्नात बांधलेल्या. त्यामुळे देशातल्या सर्वांत मोठ्या सर्वेक्षणातूनही गळ्याचा वेगळा आकडा निघत नाही. पोलिसांच्या वाक्यात जे होतं तेच इथंही होतं. आणि हिंसा सोसलेल्यांपैकी कुठंही मदत मागणाऱ्या होत्या जेमतेम १४ टक्के.

मला सगळ्यांत महत्त्वाचा वाटतो तो पुढचा आकडा. जॅकलिन कॅम्पबेल या परिचर्या-संशोधक जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात अनेक दशकं एकाच प्रश्नामागे आहेत: मार खाणाऱ्या लाखो बायकांपैकी कुणाचा खून होण्याची शक्यता जास्त, हे आधी ओळखता येईल का? अमेरिकेतल्या ११ शहरांतल्या माहितीवर आधारलेला अभ्यास २००८ मध्ये त्यांच्या गटानं मांडला. जोडीदाराकडून खून झालेल्या बायकांपैकी ४३ टक्के जणींचा गळा त्याआधीच्या वर्षभरात त्यानं दाबला होता. मार खाणाऱ्या पण खुनापर्यंत न पोचलेल्या बायकांत हे प्रमाण होतं १० टक्के. बाकी गोष्टी लक्षात घेऊन हिशेब केला तेव्हा असं दिसलं की जिचा गळा एकदा आवळला गेलाय, तिचा त्याच माणसाकडून खून होण्याची शक्यता सात पटींहून अधिक वाढते.

असं का, याचं उत्तर शरीरशास्त्रात नाही. थप्पड रागानं बसते असं म्हणता येईल एक वेळ. गळा धरणारा माणूस मात्र समोरासमोर, हातभर अंतरावरून, तिच्या डोळ्यांत बघत असतो. ‘तुझा पुढचा श्वास मी देईन तर तू घेशील’ हे तो न बोलता सांगतो आणि ती ते आयुष्यभर विसरत नाही. त्यानंतर त्याला रोज हात उचलायची गरज उरत नाही, नजर पुरते. बाहेरून घर शांत दिसतं. आई म्हणते, ‘बघ, सुधारला की नाही?’

आपल्याकडची ‘भांड्याला भांडं लागतंच’ ही समजूत इथं अपुरी पडते. भांडी आदळतात तेव्हा आवाज दोन्हींचा होतो. गळा आवळताना एकीचाच आवाज बंद होतो.

कायद्याचं थोडक्यात. ऑस्ट्रेलियातल्या क्वीन्सलँडनं २०१६ मध्ये, न्यूझीलंडनं २०१८ मध्ये आणि इंग्लंड-वेल्सनं जून २०२२ पासून गळा दाबणं हा स्वतंत्र गुन्हा केला. इंग्लंडमध्ये शिक्षा पाच वर्षांपर्यंत, न्यूझीलंडमध्ये सात. वळ दाखवण्याची अट नाही. भारतीय न्याय संहितेत असं स्वतंत्र कलम नाही. त्यामुळे गुन्हा कुठल्या खणात पडतो ते नोंदवणाऱ्याच्या समजुतीवर ठरतं. कलम ११५(२), म्हणजे साधी दुखापत, लावली तर ती अदखलपात्र, लोकांच्या भाषेत नुसती ‘एनसी’, आणि शिक्षा फार तर एक वर्ष. जिवाला धोका निर्माण करणारी दुखापत ही कलम ११६ मध्ये ‘गंभीर’ धरली आहे आणि तिला सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे. ठार मारण्याचा हेतू दिसला तर कलम १०९, खुनाचा प्रयत्न. नवऱ्याच्या क्रूरतेचं कलम ८५ वेगळं. एकाच हाताचा प्रवास एनसीपासून खुनाच्या प्रयत्नापर्यंत कुठंही होऊ शकतो. बराचसा निर्णय डॉक्टरच्या दाखल्यावरच्या ‘साधी’ की ‘गंभीर’ या एका शब्दावर अवलंबून राहतो, आणि बाहेरून जखम दिसत नसली की ‘साधी’ लिहून मोकळं होणं सोपं असतं. स्वतंत्र कलम भारतातही यायला हवं, असं माझं ठाम मत आहे. ते येईपर्यंत नोंद नीट होणं एवढंच हातात आहे.

म्हणून गळा धरला गेला असेल तर बरं वाटत असलं तरी दवाखान्यात जावं, शक्यतो सिव्हिलसारख्या मोठ्या. आवाज घोगरा झाला असेल, गिळताना दुखत असेल, श्वास लागत असेल, शुद्ध हरपली असेल, कपड्यांत लघवी झाली असेल, तोंड वाकडं किंवा हातपाय बधिर वाटत असतील, बाई गरोदर असेल, तर क्षणभरही थांबू नये. १०८ किंवा ११२ ला फोन करावा. डॉक्टर मानेतल्या रक्तवाहिन्यांची सीटी अँजिओग्राफी करायची का ते ठरवतील. ते आपणहून बोलले नाहीत तर विचारावं. केसपेपरवर ‘एमएलसी’ (मेडिको-लीगल केस, म्हणजे पोलिसांशी संबंधित प्रकरण) अशी नोंद करून घ्यावी आणि ‘पडले’ म्हणू नये. पोलिसांची तक्रार आधी आणा, असं म्हणून उपचार नाकारता येत नाहीत. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्यानं आणि त्याच्या नियमांनी ही जबाबदारी रुग्णालयावर टाकली आहे. तो कायदा लग्न न करता एकत्र राहणाऱ्या बाईलाही लागू आहे, आणि त्याखाली संरक्षणाचा आदेश, राहत्या घराचा हक्क मागता येतो. पुढचे दोन दिवस तिनं एकटीनं झोपू नये. डाग पुष्कळदा दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी उमटतात, म्हणून मानेचे फोटो रोज घ्यावेत.

आणि नातं सोडायचं ठरवलं असेल तर ते त्याला सांगून, भांडणाच्या भरात सोडू नये. निघण्याचा काळ सर्वांत धोक्याचा असतो. १८१ ही महिला हेल्पलाइन, जिल्ह्याचं सखी वन स्टॉप सेंटर, तालुका विधी सेवा समिती, जिथं उत्पन्न कितीही असलं तरी स्त्रीला वकील फुकट मिळतो, यांच्याशी बोलून आखणी करावी. मुंबईत महापालिका आणि ‘सेहत’ संस्थेनं २००० साली वांद्र्याच्या भाभा रुग्णालयात ‘दिलासा’ केंद्र सुरू केलं, ते याच विचारानं की मार खाल्लेली बाई पोलिसांआधी दवाखान्यात येते. पुढे महापालिकेच्या इतर रुग्णालयांतही ही केंद्रं उघडली.

तक्रार लिहून देताना ठरलेल्या वाक्यावर सही करण्याआधी ते वाचून घ्यावं. गळा त्यात नसेल तर घालायला सांगावं, तिच्या शब्दांत: कुठल्या हातानं, किती वेळ, समोरून की मागून, तो त्या वेळी काय म्हणत होता, तिला काय दिसेनासं झालं, शुद्धीवर आली तेव्हा ती कुठं होती.

आणि जी बहीण, मैत्रीण, आशाताई, नर्स किंवा शाळेतली बाई हे वाचत असेल, तिनं ‘मारतो का?’ एवढ्यावर थांबू नये. मार खाणाऱ्या बाईला बाजूला घ्यावं, घरच्यांना दूर पाठवावं आणि सरळ विचारावं: ‘त्यानं कधी तुझा गळा धरला होता का? मानेभोवती काही आवळलं होतं का? तेव्हा काय झालं?’ मग गप्प राहून ऐकावं. उत्तर देताना तिचा आवाज बसलेला आहे का, घोट गिळायला ती थांबतेय का, हेही तारीख-वेळ घालून लिहून ठेवावं.